घेतलेला पळ कुणाचा? कालजादूगारांची श्रेणी रचण्याची सविस्तर रीत

आमच्या रोल-प्लेइंग गेमसाठी, म्हणजे पात्रं होऊन कथा खेळायच्या खेळासाठी, मी रचलेली कालजादूगारांची पहिली श्रेणी (काळाचा धंदा करणाऱ्या जादूगारांची संघटना) तीन रविवार टिकली. ठाण्यातल्या आमच्या हॉलमध्ये सतरंजीवर नकाशा, बाजूला चिवड्याचा डबा, पाच खेळाडू आणि कथा चालवणारा सूत्रधार मी. श्रेणीतल्या जादूगाराला दिवसातून एकदा सहा सेकंद मागं जाता येईल, एवढा एकच नियम केला होता. म्हटलं, सहा सेकंदांत असं काय होतंय? पहिल्या रविवारी मजा आली. दुसऱ्या रविवारी मावसभाऊ फासा थांबायच्या आतच म्हणायला लागला, "मागं घे ना रे." तिसऱ्या रविवारी दरीवरचा झुलता पूल मधोमध तुटला, तर एकाच्याही पोटात गोळा आला नाही. पूल तुटत असताना एक जण चिवड्यातले शेंगदाणे वेचत होता.

नंतर उलगडलं ते असं की जादू जास्त झाली नव्हती, ती फुकट झाली होती. मागं घेतलेले सहा सेकंद कुठून आले, कुणाच्या खात्यातून गेले, हे कुणी विचारलं नाही आणि विचारलं असतं तर माझ्याकडे उत्तर नव्हतं. तेव्हापासून मी अशी श्रेणी उलट्या बाजूनं रचतो. आधी हिशोब, मग माणसं, आणि जादू सगळ्यात शेवटी. मराठीत अद्भुतकथा लिहिणाऱ्यांना किंवा मित्रमंडळींत रोल-प्लेइंग गेम चालवणाऱ्यांना ही रीत उपयोगी पडेल. खालची उदाहरणं माझ्या सातघाट नावाच्या काल्पनिक कसब्यातली आहेत, तुम्ही तुमचं गाव घ्या.

पायरी १ : खतावणी उघडा

कोरा कागद घ्या आणि वर एक वाक्य लिहा : पळ नव्यानं घडवता येत नाही, एकाच्या नावे पडतो तेव्हाच दुसऱ्याच्या जमेला येतो. त्याखाली तीन प्रश्न. पळ कुणाचा घेतला? नोंद कोण ठेवतं? बुडवला तर काय? ही तीन उत्तरं येईपर्यंत एकही मंत्र लिहायचा नाही.

माझ्या श्रेणीला दोनच गोष्टी येतात. एखाद्या खोलीत जास्तीच्या घटिका घालणं, याला मी 'ताणणं' म्हणतो. बाहेर दिवा लावेपर्यंतच्या वेळात आत रात्रभराचं काम उरकतं. दुसरी गोष्ट 'आवळणं', म्हणजे माणसाच्या वाट्याच्या घटिका काढून घेणं. ज्याच्या काढल्या तो मरत नाही, म्हाताराही होत नाही. तो हातात चहाचा पेला धरून उभा असतो आणि पुढच्या क्षणी चहा गार झालेला असतो, बस. आयुष्य तेवढंच राहतं, जग मात्र त्याला सोडून पुढं गेलेलं असतं.

मागं जाणं काढून टाकलं. भविष्य दिसणंही काढलं, कारण एकदा दाखवलेलं भविष्य सूत्रधाराला निभवावं लागतं आणि खेळाडू ते मुद्दाम मोडायला बघतात. याशिवाय नाट्य कसं येणार, असं वाटत असेल तर रेवतीची पुराणकथा आठवा. राजा ककुद्मी मुलीसाठी स्थळ विचारायला ब्रह्मलोकी गेला, तिथं गाणं चालू होतं म्हणून ते संपेपर्यंत थांबला, आणि तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगं उलटली. मनात धरलेले सगळे नवरदेव, त्यांची नातवंडं-पणतवंडं, सगळी गेली. त्या गोष्टीत कुणी मंत्र म्हणत नाही. एक बाप शिष्टाचार म्हणून जरा थांबतो, एवढंच.

पायरी २ : सेकंद-मिनिटं टाका, घटिका-पळं घ्या

हा केवळ रंगरंगोटीचा भाग नाही. 'सहा सेकंद' म्हटलं की खेळाडूच्या डोक्यात मोबाइलचा टायमर येतो. 'पाव घटिका' म्हटलं की पाणी येतं, भांडं येतं, आणि ते भांडं बघत बसलेलं कुणीतरी येतं.

कोष्टक सोपं आहे. एका अहोरात्रात ६० घटिका, म्हणून घटिका २४ मिनिटांची. घटिकेची ६० पळं, म्हणून पळ २४ सेकंदांचं. पळाची ६० विपळं. दोन घटिकांचा मुहूर्त, म्हणजे ४८ मिनिटं. तीन तासांचा प्रहर.

मंत्र किती वेळ चालतो हे ठरवताना मला एक घबाड सापडलं. आर्यभटानं पळाचं माप साठ गुरू अक्षरं असं दिलंय, म्हणजे साठ दीर्घ अक्षरं उच्चारायला लागतो तेवढा वेळ. आता शार्दूलविक्रीडित घ्या, आपल्या मंगलाष्टकांचं वृत्त. चरणात १९ अक्षरं, त्यांतली ११ गुरू आणि ८ लघू. गुरूच्या दोन मात्रा आणि लघूची एक धरली तर चरणाच्या ३० मात्रा होतात. चार चरणांच्या १२०. म्हणजे बरोबर साठ गुरू अक्षरांचा ऐवज. शार्दूलविक्रीडितातला एक श्लोक न रेंगाळता म्हटला की एक पळ! मांडवात कुणी ताना घेत दोन मिनिटं लावतो ती गोष्ट वेगळी.

तेव्हापासून माझे जादूगार मंत्र म्हणत नाहीत, श्लोक मोजतात. तीन श्लोकांचं काम, आठ श्लोकांचं काम. खेळाडूला श्लोक म्हणायला लावू नका, लाजतात. पण श्रेणीतला एखादा म्हातारा ओठांतल्या ओठांत पुटपुटत चाललाय, आणि पुटपुटणं थांबलं की काहीतरी होणार, हे एकदा कळलं की टेबलावर शांतता पसरते.

पायरी ३ : खरी वाटी करा

हा भाग ऐच्छिक आहे, पण मला सगळ्यात आवडतो तो हाच, म्हणून लांबवतो.

घटिकापात्र म्हणजे बुडाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी. मोठ्या भांड्यातल्या पाण्यावर ती सोडायची. भोकातून पाणी आत चढत जातं, आणि वाटी भरून बुडली की घटिका झाली. 'घटका भरली' हा आपला शब्दप्रयोग याच वाटीतून आलाय. लग्नाचा मुहूर्त साधायला जोशीबुवा हीच वाटी मांडायचे.

आम्हाला गेममध्ये २४ मिनिटं फार होतात. म्हणून मी पाव घटिकेची, म्हणजे १५ पळांची, सहा मिनिटांत बुडणारी वाटी करायला घेतली. पुण्यात तांबट आळीतून पातळ पत्र्याची लहान वाटी आणली आणि घरी येऊन उत्साहात खिळा ठोकला. वाटी दीड मिनिटात बुडाली. भोक मोठं करणं सोपं असतं, लहान करणं नसतं. एमसील लावून भोक बुजवलं, एक दिवस वाळू दिलं, मग शिवणाच्या सर्वांत बारीक सुईनं नवं भोक पाडलं. आता अकरा मिनिटं. मग तीच सुई केसभर फिरवायची, वाटी सोडायची, मोबाइलवर वेळ बघायची, पुन्हा फिरवायची. रविवारची अख्खी दुपार गेली. आईनं दोनदा येऊन विचारलं, "काय चाललंय रे हे? पाण्यात वाट्या सोडतोयस?"

तीन गोष्टी लक्षात ठेवा. भोक बरोबर मध्यावर हवं, नाहीतर वाटी कलते आणि एका बाजूनं पाणी घेऊन अवेळी बुडते. पाणी गाळून घ्या, धुळीचा एक कण पुरतो. आणि पाणी गार असलं की ते किंचित सावकाश चढतं, म्हणून थंडीत लावलेली वाटी उन्हाळ्यात थोडी घाई करते. हे शेवटचं मी थेट कथेत घातलं. सातघाटात हिवाळ्याची घटिका उन्हाळ्याच्या घटिकेपेक्षा लांब, म्हणून कर्ज मार्गशीर्षात घ्यावं आणि चैत्रात फेडावं असा लोकांचा ठोकताळा. श्रेणीला हे माहीत आहे, म्हणून तिच्या तळघरात पाणी कोमट राखणारा एक माणूस वर्षभर पगारावर असतो.

वाटी बुडतानाचा आवाज फार छोटा आहे, 'बुडुक्' एवढाच. पण सहा मिनिटं पाच माणसं तिच्याकडे बघत असतील, तर तो आवाज फाशाच्या खडखडाटापेक्षा मोठा वाटतो.

पायरी ४ : श्रेणीचं भांडवल कुठून येतं?

इथंच बहुतेक जण 'प्राचीन स्फटिक' वगैरे आणून मोकळे होतात. स्फटिक आणू नका. पंचांग उघडा.

बारा चांद्रमासांचे ३५४ दिवस होतात आणि सौरवर्ष ३६५ दिवसांचं. दरवर्षी अकरा दिवसांची तफावत साठत जाते, आणि साधारण साडेबत्तीस महिन्यांनी ती अधिक महिना होऊन बाहेर पडते. धोंड्याचा महिना. जावयाची चंगळ, पण नेहमीची मंगलकार्यं बंद. कुणाचाच नसलेला महिना! कालजादूगारांना याहून चांगली खाण कुठली?

माझ्या श्रेणीचे सभासद ४०. वर्गणी पैशांत नाही. दर अधिक महिन्यात प्रत्येक सभासद आपला अख्खा महिना श्रेणीच्या जमेला टाकतो. प्रतिपदेला चाळीसही जण सभागृहात चटईवर बसतात, दार आतून लागतं, आणि त्यांच्या लेखी पुढच्याच क्षणी निज महिना उजाडलेला असतो. वर्षाच्या सरासरीनं माणशी अकरा दिवस, म्हणजे ६६० घटिका. चाळीस जणांच्या मिळून २६,४०० घटिका, म्हणजे ४४० दिवस. एका मध्यम कसब्याला तंगीत ठेवायला अगदी बेताचा आकडा. शिवाय फुकटात एक कथानक मिळतं : दर तिसऱ्या वर्षी महिनाभर श्रेणीच्या वाड्यात चाळीस माणसं डोळे उघडे ठेवून बसलेली असतात आणि त्यांना काहीही दिसत नसतं. चोरी कधी करायची हे खेळाडूंना सांगावं लागत नाही.

दुसरा स्रोत ठेवींचा. यासाठी नाशिकला पांडवलेण्यांत जाऊन या. दहाव्या क्रमांकाच्या लेण्यात क्षत्रप राजा नहपानाचा जावई उषवदात याचा कोरीव लेख आहे. त्यानं गोवर्धनातल्या विणकरांच्या श्रेणींकडे ३,००० कार्षापण (त्या काळची नाणी) ठेवले. त्यांतले २,००० एका श्रेणीकडे दरमहा शेकडा एक व्याजानं, १,००० दुसरीकडे दरमहा शेकडा पाऊण व्याजानं. मुद्दल कधीही परत मागायचं नाही, फक्त व्याज वापरायचं. पहिल्या रकमेच्या व्याजातून लेण्यात राहणाऱ्या वीस भिक्षूंना वस्त्रांसाठी प्रत्येकी बारा कार्षापण. हिशोब जुळवून बघा : २,००० वर शेकडा एक म्हणजे महिन्याला २०, वर्षाला २४०, आणि वीस गुणिले बारा तेवढेच. दोन हजार वर्षांपूर्वीची विणकरांची संघटना लोकांचे पैसे सांभाळत होती, त्यावर व्याज देत होती, आणि व्यवहार दगडावर कोरला जात होता.

कार्षापणांच्या जागी घटिका ठेवा. सातघाटात एका निपुत्रिक सावकारानं २,००० घटिका कायमच्या ठेवल्यात, व्याजातून दरमहा २० घटिका गावच्या सुईणीला. अवघड बाळंतपण असलं की ती खोली ताणते. असे दोन-तीन दानलेख रचा. श्रेणी निव्वळ दुष्ट किंवा निव्वळ परोपकारी होण्यापासून वाचते.

पायरी ५ : एक कर्जरोखा लिहून काढा

नियमांची वीस पानं कुणी वाचत नाही. एक कागद हातात द्या. मी जुन्या दस्तऐवजांच्या वळणावर हा लिहिला आणि चहाच्या पाण्यात बुडवून वाळवला :

"कर्जरोखा. लिहून घेणार घटिकाश्रेणी, कसबे सातघाट. लिहून देणार हैबती बिन सखोजी कोष्टी, पेठ मजकूर. कारणे कर्जरोखा लिहून दिला ऐसा जे, लेकीचे दुखण्यात वैद्यास औषध सिद्ध करावयास वेळ पुरेना, सबब आपणांपासून घटिका ४० घेतल्या, त्या वैद्याचे खोलीत भरून पावल्या. त्यास व्याज दरमहा दरशेकडा १ प्रमाणे पळे २४ दर पौर्णिमेस आमचे जागते वेळेतून वळते करून घ्यावे. झोपेतील वेळ देऊ नये, घेऊ नये. मुद्दल पाच वर्षांत फेडू. न फेडू तर थोडे थोडे घ्यावे, एकदम घेऊ नये. हा रोखा राजीखुशीने लिहून दिला. निशाणी धोटा."

जुन्या कागदांत सहीऐवजी धंद्याची निशाणी असे, कुणब्याचा नांगर तशी. म्हणून कोष्ट्याला धोटा, म्हणजे मागावर आडवं सूत फिरवायचं हत्यार, दिला.

या एका कागदात सगळी श्रेणी आहे. २४ पळं म्हणजे साडेनऊ मिनिटांच्या वर थोडी. दर पौर्णिमेला हैबती मागावर बसलेला असतो, हातातला धोटा सुटतो, आणि ऊन हातभर सरकलेलं असतं. कापड तेवढंच. 'झोपेतील वेळ देऊ नये' हे कलम नसेल, तर प्रत्येक श्रीमंत माणूस रात्रीच व्याज भरून मोकळा होईल. आणि 'एकदम घेऊ नये' हे कलम खलनायकासाठी ठेवलंय. माझ्या कथेत श्रेणीची तिजोरी सांभाळणाऱ्या नव्या पोतनिसानं नव्या रोख्यांतून तेवढी एकच ओळ गाळली. अक्षर तेच, कागद तोच, भाषा तीच. खेळाडूंना दोन रोखे शेजारी ठेवून फरक शोधायला सव्वा तास लागला, आणि तो सव्वा तास मी आजवर चालवलेला सर्वांत चांगला खेळ होता.

पायरी ६ : माणसं आणि हुद्दे

हुद्द्यांची नावं भव्य नकोत. 'महाकालाधिपती' आला की खेळाडू हसतात, मग ते नाव सरळ करता येत नाही. आपल्याकडे दप्तराचे तयार शब्द आहेत. पोतनीस तिजोरी सांभाळतो, दप्तरदार रोखे, आणि मुख्याला जुन्या श्रेणींतला 'ज्येष्ठक' हा शब्द छान बसतो. शिकाऊ मुलांना 'उमेदवार'. उमेदवारी करणे म्हणजे बिनपगारी राबून काम शिकणे, हा अर्थ मराठी वाचकाला वेगळा सांगावा लागत नाही. उमेदवार पहिली दोन वर्षं फक्त वाट्या उचलतात आणि तास वाजवतात. सतत पाण्यात असल्यानं त्यांची बोटं सुरकुतलेली असतात. सातघाटात कुणाशी हात मिळवलात की तो श्रेणीतला आहे का हे कळतं.

खरा बळी मात्र 'खोलीकर'. ताणलेल्या खोलीत बसून गिऱ्हाइकाचं काम करणारा. बाहेर त्याचा एक दिवस, आत कधीकधी अडीच. समजा, वर्षाच्या ४४० दिवसांचं सगळं काम एकाच खोलीकरानं केलं, तर दहा वर्षांत तो बारा वर्षं जास्तीची म्हातारा होतो. असा एक माणूस रचा आणि त्याला घरी पाठवा.

माझा खोलीकर दिवाळीला घरी आला. धाकटा तो, पण केस पांढरे. थोरला भाऊ दारात उभा, अजून मिशीत काळेपणा. थोरल्याच्या बायकोनं सवयीनं "या भावोजी" म्हटलं आणि तिचा हात आपसूक डोक्यावरच्या पदराकडे गेला, सासऱ्यांसमोर जायचा तसा. थोरला पाया पडायला वाकला, धाकटाही त्याच वेळी वाकला, आणि दोघांची डोकी एकमेकांवर आपटली. "दादा, अरे तू थोरला." "असेन. पण आता तूच बाबांसारखा दिसतोयस." हे मी आधी लिहून ठेवलं नव्हतं, टेबलावर बोलता बोलता झालं. मराठी नात्यांत वय, मान आणि संबोधन एकमेकांना घट्ट बांधलेली आहेत. काळ हलवला की ही गाठ आधी ताणली जाते, तेव्हा तिथंच बोट ठेवा.

पायरी ७ : वाडा

थोडक्यात आटोपतो. जयपूरचं सम्राट यंत्र पाहिलं असेल तर इमारत आणि घड्याळ एकच असू शकतं हे माहीत असेल. सुमारे २७ मीटर उंच भिंत, आणि तिची सावली मिनिटाला जवळजवळ सहा सेंटीमीटर सरकते, म्हणजे काळ डोळ्यांदेखत चालताना दिसतो. श्रेणीचा वाडा तसा करा किंवा करू नका, पण त्यात परक्या गावाची एक वस्तू हवी. वसईच्या विजयानंतर, १७३९ नंतर, मराठ्यांनी पोर्तुगीजांच्या चर्चमधल्या घंटा आणून देवळांत टांगल्या. नाशिकच्या नारोशंकराच्या घंटेवर १७२१ साल आहे, भीमाशंकरच्या घंटेवर १७२९. एका गावाची वेळ सांगणारी घंटा दुसऱ्या गावात वाजते आहे. माझ्या श्रेणीची घंटा अशीच लुटीतली आहे, आणि ती मूळ गावाच्या वेळेलाच वाजते.

पायरी ८ : वैरी

कालजादूगारांचा वैरी दुसरा जादूगार नको. तो राज्याचा कारकून असू दे.

१ जानेवारी १९०६ पासून भारताची प्रमाणवेळ ठरली, पण मुंबई आपली वेळ सोडायला तयार नव्हती. ती प्रमाणवेळेच्या ३९ मिनिटं मागं. पुढं कित्येक वर्षं एकाच शहरात दोन वेळा नांदल्या. किंवा ब्रिटनचं १७५२ साल घ्या : पंचांग सुधारताना २ सप्टेंबरनंतरचा दिवस थेट १४ सप्टेंबर धरला. त्यांचं करवर्ष आजही ६ एप्रिलला सुरू होतं, त्याचं मूळ याच फेरफारात आहे.

आता सातघाटावर हे लावा. राजधानीतून हुकूम येतो की उद्यापासून सगळ्या मुलखात एकच घटिका, राजवाड्याच्या वाटीची. श्रेणीचे सगळे रोखे जुन्या वाटीनं मोजलेले. नवी वाटी जराशी मोठी असेल, तर प्रत्येक कर्जदार फेडताना थोडा जास्त देणार. ती जास्तीची पळं कुणाच्या खात्यात जमा होणार? तलवार न उपसता वर्षभराचा संघर्ष मिळतो. खेळाडू राजाच्या बाजूनं आहेत की श्रेणीच्या, हे त्यांना दर रविवारी नव्यानं ठरवावं लागतं.

पायरी ९ : पळवाटा

शब्दच बघा, पळ आणि वाट. (व्युत्पत्ती वेगळी आहे हे मला ठाऊक आहे, तरी हा शब्द खतावणीच्या मुखपृष्ठावर मी लिहिलाच.)

तुमचे खेळाडू नियम मोडायला बघणारच. आमच्यात एक सीए आहे. तिनं रोखा वाचला, चष्मा वर केला आणि विचारलं, "दहा वर्षांच्या कैद्यानं आपली दहा वर्षं श्रेणीला विकली तर?" मी गप्प. कैद्याच्या लेखी दार लागतं आणि उघडतं, शिक्षा संपली. श्रेणीला दहा वर्षं मिळाली. तोटा कुणालाच नाही. एका वाक्यात तिनं माझी सगळी टंचाई मोडीत काढली.

पहिला विचार आला बंदी घालायचा. घातली नाही, आणि तुम्हीही घालू नका. पळवाट बुजवायची नाही, तिच्यावर नाका उभारून जकात बसवायची. पुढच्या रविवारी मी सांगितलं की हा धंदा सातघाटात सहा वर्षं चालू आहे. तुरुंग हीच श्रेणीची सर्वांत मोठी खाण. म्हणूनच अलीकडे शिक्षा लांबत चालल्यात आणि कोंबडीचोराला बारा वर्षं होतात. न्यायाधीशाच्या घरी मात्र सणासुदीच्या आदल्या रात्री फार लांब असतात. सीएबाईंचा चेहरा पडला, कारण तिचं पात्र मागच्याच महिन्यात एका चोराला पकडून देऊन बक्षीस घेऊन आलं होतं.

झाडांचा, दगडांचा, देवांचा काळ घेता येतो का, असंही विचारतील. उत्तर एकच ठेवा : ज्याला रोख्यावर निशाणी करता येते त्याचाच. तुरुंगाच्या बाबतीत हे उत्तर पुरलं नाही, पण वडाच्या बाबतीत पुरतं.

पायरी १० : पहिला प्रवेश

श्रेणीची ओळख भविष्यवाणीनं किंवा जळत्या गावानं करून देऊ नका. एखाद्या छोट्या उधारीनं करा.

लीलावतीची दंतकथा प्रसिद्ध आहे. भास्कराचार्यांनी मुलीच्या लग्नासाठी घटिकापात्र मांडलं, ती डोकावून बघताना तिच्या दागिन्यातला मोती वाटीत पडला, भोक बुजलं, वाटी बुडालीच नाही आणि मुहूर्त टळला. माझी सुरुवात याच्या उलट आहे. गावात लग्न, वऱ्हाड पुरात नदीपलीकडे अडकलेलं, मुहूर्ताला पाव घटिका उरलेली. मुलीचा बाप घामाघूम होऊन खेळाडूंकडे येतो : "श्रेणीकडून दोन घटिका आणून द्या. जामीन तुम्ही राहा. लग्न लागलं की फेडतो." सगळे हो म्हणतात. जामीन राहणं म्हणजे काय याचा विचार करायला वेळ कुणालाच नसतो, कारण त्याच क्षणी मी टेबलावर पातेलं ठेवतो आणि वाटी पाण्यात सोडतो.

मग बोलायचं नाही. पोतनिसाकडे जायचं, रोखा वाचायचा, निशाणी करायची आणि परत यायचं, हे सगळं वाटी बुडायच्या आत. आमच्याकडे मावसभावानं रोखा न वाचता अंगठा उठवला. वऱ्हाड पोचलं, अक्षता पडल्या, जेवणावळी उठल्या. तीन रविवारांनी पौर्णिमा आली, आणि त्याचं पात्र ऐन लढाईत तलवार उगारून थिजलं. "मागं घे ना रे," तो म्हणाला. मी दप्तरातून त्याचा अंगठा काढून दाखवला.

खेळ संपला की वाटी साध्या पाण्यानं धुऊन, कोरडी पुसून पालथी घाला. मी दोनदा तशीच पातेल्यात ठेवली. आमच्याकडच्या पाण्याचा क्षार भोकाच्या कडेला धरला, आणि पुढच्या रविवारी पाव घटिका आठ मिनिटं चालली. खेळाडूंना वाटलं मी मुद्दाम केलं. मीही तसंच भासवलं, आणि त्या दोन मिनिटांचं व्याज लावलं.